राळेचा पाक आणि पलीकडचा खरादी

शाळेच्या दुर्बिणीत मी घासलेला आरसा बसणार, की चीनवरून मागवलेला, एवढाच प्रश्न होता. एवढ्याशा गोष्टीचं लोकांनी काय केलं ते लिहून ठेवतो. माझं शिक्षण चौथीपर्यंतचं, त्यामुळे वाक्यं सरळ येतील. शिकलेल्यांची येत नाहीत हे मी पाहिलेलं आहे.

आमचं गाव पारनेर तालुक्यातलं. रात्री इथे अजून अंधार पडतो, म्हणून नगरच्या सावेडी भागातलं, आकाश बघणाऱ्यांचं एक मंडळ महिन्यातून एकदा गाड्या भरून आमच्या माळावर येतं. सोबत गाद्या, थर्मास, ढोकळा. वर बघतात थोडं आणि खातात जास्त. त्यांचे अध्यक्ष कॉलेजातून निवृत्त झालेले, आवाज मोठा. एकदा त्यांनी जाहीर केलं की गावच्या शाळेला मंडळ दुर्बीण भेट देणार. नळी आणि स्टँड तयार आहेत, आत बसणारा आठ इंची आरसा तेवढा चीनवरून मागवायचा.

मी तिथे उभा होतो. ह्याच माणसांनी त्याच महिन्यात चिनी माल घेऊ नका म्हणून मोबाईलवर झेंडे फिरवले होते. मी म्हणालो, "आरसा मी घासून देतो."

अध्यक्ष हसले. "आजोबा, हे भिंगाचं काम आहे. केसाच्या हजाराव्या भागाइतकं अचूक लागतं."

पहिली गोष्ट, मला आजोबा म्हणू नये. मी काय ह्यांच्या आईचा बाप आहे? गावात मला तात्या म्हणतात. दुसरी गोष्ट, तीस वर्षं मी नागापूरला एमआयडीसीत एका वर्कशॉपमध्ये लॅपिंगला होतो. पंपाच्या सीलच्या चकत्या घासून सपाट करायच्या, पिवळ्या दिव्याखाली कसोटीची काच वर ठेवायची आणि उजेडाच्या पट्ट्या बघायच्या. पट्टी सरळ तर चकती पास, वाकडी तर पुन्हा घास. केसाचा हजारावा भाग मी डबा खाता खाता बघायचो. अध्यक्षांनी तो फक्त पुस्तकात वाचला होता.

मी हे सगळं बोललो नाही. एवढंच म्हणालो, "दिवाळीपर्यंत पास झाला तर बसवा. न्हाई झाला तर तुमचा चायनाचा बसवा."

शाळेच्या मुख्याध्यापिका बाई मध्ये पडल्या, "तात्यांना करू द्या सर, आपलं काय जातंय?" तेव्हा अध्यक्ष हो म्हणाले. लहान पोराला स्टेअरिंग धरू देतात तसं हो म्हणाले.

जहाजाच्या खिडकीची जाड काच भंगारात मिळते. वर्कशॉपच्या एका जुन्या सोबत्यानं मला दोन गोल चकत्या आणून दिल्या. पाण्याचं रिकामं पिंप कडबा ठेवतो त्या खोलीत मांडलं, त्यावर एक चकती घट्ट बसवली, वर दुसरी. मध्ये एमरी पावडर आणि पाणी. वरची काच मागेपुढे ढकलायची, थोडी फिरवायची, आणि आपण पिंपाभोवती एक पाऊल सरकायचं. असं केलं की वरची काच मधोमध खोलगट होत जाते. पूर्ण फाल्गुन मी त्या पिंपाभोवती चालत होतो.

बायको दारात उभी राहून म्हणायची, "लग्नात सात फेऱ्यांत दमला होता तुमी. ह्या काचेभोवती बरे फिरताय."

"ही बोलत न्हाई," मी म्हणायचो.

घासणं जमलं. पुढचं काम चमक आणण्याचं. त्याला राळेचा पाक लागतो. डांबर आणि राळ वितळवून खालच्या चकतीवर ओतायची, त्यात चौकोन पाडायचे, आणि त्या थरावर गुलाबी पावडरीनं काच चोळायची. मंडळानं मला एक पुस्तिका दिली होती, कुठल्या तरी इंग्रजी पुस्तकाचं मराठी. त्यात पाकाचं प्रमाण होतं आणि पाक मऊ राहावा म्हणून एरंडेल घाला असं लिहिलं होतं. मी घातलं. चैत्र संपत आला तोपर्यंत काच अशी चमकली की तिच्यात बघून दाढी करावी.

मंडळातले एक इंजिनिअर बघायला आले. काच दोन्ही हातांत धरली, स्वतःचं तोंड बघितलं, केस नीट केले. म्हणाले, "वा आजोबा! काय चमकतोय!"

चमकणं म्हणजे आकार नव्हे. ताटपण चमकतं. पण त्यांना ते ठाऊक नव्हतं, आणि खरं सांगायचं तर त्या दिवशी मलाही ते ऐकायला गोड लागलं.

आरशाची परीक्षा अंधाऱ्या खोलीत होते. आरसा एका टोकाला उभा करायचा, आठ फुटांवर टाचणीच्या भोकातून दिवा लावायचा, आणि परत येणारा उजेड दाढीच्या ब्लेडनं हळूहळू कापायचा. मग काचेवर सावल्या उमटतात, त्यात चढउतार दिसतात. मी भर दुपारी कडब्याच्या खोलीच्या फटी गोणपाटानं बुजवल्या, ब्लेडमागे मोबाईल धरून फोटो काढला, आणि दुर्बिणी बनवणाऱ्यांचा मोबाईलवर एक गट आहे त्यात टाकला. सुनेनं मला त्या गटात घातलं होतं. विचारायला म्हणून फोटो टाकला नव्हता. दाखवायला टाकला होता.

लोकांनी अंगठे दाखवले, हात जोडले, फुलं पाठवली. ज्यांनी जन्मात काच घासली नाही त्यांनी जास्त फुलं पाठवली. संध्याकाळी एकाचा आवाजी निरोप आला. पंजाबी वळणाचं हिंदी, म्हातारा आवाज, मागे कुठेतरी लेथ चालू असल्यासारखी घरघर.

"बुज़ुर्गो, शीशा तो आपने खूब बनाया है। मगर किनारा बैठ गया है।"

म्हणजे कडा खाली वळली आहे. आठ इंचातला शेवटचा अर्धा इंच बाद.

कोण हा, म्हणून बघितलं तर नंबर पाकिस्तानचा. मला जो राग आला तो विचारू नका. मी लगेच बोट दाबून बोललो, "आधी नगरला येऊन लॅपिंग शिक, मग मला सांग."

त्यानं उलट शिवी दिली नाही. माझाच फोटो परत पाठवला, त्यावर लाल गोल काढून. कडेला उजेडाची केसासारखी बारीक रेघ दोन्ही बाजूंना दिसायला हवी. माझ्या फोटोत डावीकडे होती, उजवीकडे नव्हती.

दुसऱ्या दिवशी दुपारी पुन्हा गोणपाट लावलं, पुन्हा ब्लेड सरकवलं. उजवीकडे रेघ नव्हती. आरसा फिरवून बघितला. तरी नव्हती. तीन दिवस मला जेवण गेलं नाही. चूक निघाली याचं दुःख नव्हतं. वर्कशॉपमध्ये चकत्या रोज परत यायच्या. चूक त्यानं काढली आणि ती खरी निघाली, हे गिळवत नव्हतं. मंडळातल्या इंजिनिअरांना फोन केला. ते म्हणाले, "अर्धा इंच ना? काळा कागद लावून झाका. मुलांना काय कळतंय?" फोन ठेवल्यावर मी त्यांना जे म्हणालो ते इथे लिहीत नाही.

चौथ्या दिवशी मी पलीकडच्याला विचारलं, किनारा का बसला?

त्यानं उलट मलाच प्रश्न केले. पाकात काय घातलंत? मी सांगितलं. तो हसला. म्हणाला, पुस्तक थंड मुलखातल्या लोकांनी लिहिलंय, तिथे राळ दगड होते म्हणून ते तेल घालतात. तुमच्याकडे आणि माझ्याकडे उन्हाळ्यात राळ आपोआप वाहते, तेल कशाला? मग विचारलं, जेवायला जाताना काच कुठे ठेवता?

"पाकावरच," मी म्हणालो.

तो म्हणाला, "आप लोहे वाले हो ना?"

त्यानं ओळखलं. लॅपिंगची प्लेट बिडाची असते. तिच्यावर चकती ठेवून जेवून आलं, घरी जाऊन दुसऱ्या दिवशी आलं, तरी बिड जागचं हलत नाही. तीस वर्षांची सवय. राळेवर काच ठेवून मी भाकरी खाऊन यायचो, तोवर काच आपल्या वजनानं रुतायची, राळ कडेला फुगायची आणि आल्यावर पहिल्या पन्नास हातांत कडा खाऊन टाकायची. ही चूक कॉलेजवाल्यानं केली नसती, कारण त्यानं बिडावर कामच केलं नसतं. पलीकडचा स्वतः पंख्याच्या कारखान्यात खरादी होता, जन्म लेथवर गेलेला. पहिल्या आरशाला त्यानंही हेच केलं होतं. म्हणून त्याला कळलं.

त्यानं कृती सांगितली. एरंडेल बंद. राळ वाढवायची आणि वितळलेला थेंब पाण्यात टाकून दाताखाली धरायचा. हळू दाबलं तर दात रुतला पाहिजे, झटक्यात दाबलं तर कट्कन तुटला पाहिजे. आणि काम थांबलं की काच उचलायची, मग घराला आग लागलेली असली तरी.

मी चुलीशी बसून एकेक थेंब चावत होतो.

"तंबाखू सुटली म्हणून मी देवाला नारळ फोडला," बायको म्हणाली. "आता डांबर खाया लागला का?"

"थांब. जरा नरम लागतोय."

"मीठ घाला."

पूर्ण वैशाख मी पहाटे उठून आरसा पुन्हा घासला. त्याच दिवसांत टीव्हीवर रोज युद्ध चाललं होतं. सोफ्यावर बसलेली माणसं लाहोर घ्या, कराची घ्या म्हणून ओरडत होती. त्यातल्या एकानं कधी रेशनची रांग धरली असेल असं वाटत नव्हतं. तिकडेही तसेच बसले असतील, नगर घ्या म्हणून. आम्ही दोघं त्या विषयावर एक शब्द बोललो नाही. तो विचारायचा, आज दात किती रुतला? मी सांगायचो. ज्येष्ठात मी फोटो पाठवला. रेघ दोन्ही बाजूंना होती. त्यानं लिहिलं, "अब ठीक है।" एवढंच. फुलं पाठवली नाहीत.

पावसाळाभर आकाश नव्हतं. तेवढ्या दिवसांत मंडळानं आरसा पुण्याला पाठवून त्यावर अॅल्युमिनियमचा मुलामा चढवून आणला आणि तिथल्या कुणा जाणकाराकडून तपासूनही घेतला. तो पास म्हणाला. इंजिनिअर मला फोनवर म्हणाले, "आश्चर्य आहे, आजोबा." त्यांना आश्चर्य वाटणारच.

दिवाळीनंतर दुर्बीण शाळेत उभी राहिली. माझा आरसा नळीत बसवला होता. उद्घाटनाला चार दिवस राहिले असताना मी बघायला गेलो, तर नळीवर पितळी पाटी. वर मंडळाचं नाव मोठं, खाली "संपूर्ण स्वदेशी बनावट". आता, डोळ्याला लावायचं भिंग चीनचं, स्टँडचे दाते चीनचे, स्क्रूसुद्धा चीनचे. तेवढं मी सोडून दिलं असतं. अध्यक्ष आणि इंजिनिअर तयारी बघायला आलेले, त्यांना म्हणालो, खाली एक ओळ वाढवा. आरसा ह्या गावात घासला, राळेची कृती पाकिस्तानातल्या एका खराद्यानं सांगितली.

अध्यक्ष खुर्चीतून उठले. "काय बोलताय, आजोबा? पाकिस्तानात? कुणाशी बोलताय तुम्ही?"

"काच घासणाऱ्याशी."

इंजिनिअर कुजबुजले, "ते मेसेज आधी डिलीट करा. आमच्या मंडळावर बालंट येईल."

"राळ चावायची कशी, यात काय बालंट हाय?"

"आत्ता परिस्थिती काय आहे, तुम्हाला कळतंय का?" अध्यक्ष म्हणाले.

मी म्हणालो, "तुमीच मागं सावेडीच्या हॉलात भाषण केलं. मी खाली सतरंजीवर हुतो. अमेरिका आन् रशिया एकमेकांवर अणुबॉम्ब रोखून बसलेले, तरी चंद्रावरची माती एकमेकांना दिली म्हणाला. विज्ञानाला सरहद्द नसती म्हणाला. टाळ्या घेतल्या."

"ते वेगळं होतं."

"वेगळं कसं?"

"ते शास्त्रज्ञ होते!"

हे मोठ्यानं बोलले. मग त्यांच्या लक्षात आलं की बाई तिथेच उभ्या आहेत. मला उत्तर मिळालं होतं. शास्त्रज्ञानं शत्रूला माती दिली तर भाषणात घालायची, खराद्यानं लॅपिंगवाल्याला कृती दिली तर डिलीट करायची.

मी स्क्रूड्रायव्हर घेतला. नळीच्या बुडाचे तीन स्क्रू काढले, आरसा उचलला, खांद्यावरच्या उपरण्यात गुंडाळला.

बाई दारापर्यंत मागे आल्या. "तात्या, पोरांनी काय बघायचं? तुमचा मान का चंद्र?"

"पाटी बदला म्हणावं त्यास्नी."

"ते बदलणार नाहीत, आणि तुम्ही पण बदलणार नाही. मधल्या मधे माझी पोरं."

मी ऐकलं आणि चालू लागलो. बाईंचं चुकलं नव्हतं, पण चालताना ते मान्य करायला मी तयार नव्हतो.

उद्घाटन ठरल्या दिवशी झालं. आठ इंची चिनी आरसा मंडळाच्या कपाटात उन्हाळ्यापासून तयार होता. मी पिंपाभोवती फिरत होतो तेव्हाच मागवून ठेवलेला. मला हो म्हणाले त्याच आठवड्यात मागवला असेल. तो बसला, "संपूर्ण स्वदेशी" पाटीखाली बसला, आणि पाहुण्यांनी नारळ फोडला.

मी पलीकडच्याला निरोप पाठवला. जरा चढ्या आवाजातच. तुझं श्रेय देत नव्हते, म्हणून आरसा काढून आणला, तुझ्यासाठी.

त्याचं उत्तर दोन दिवसांनी आलं. आवाज पडलेला. म्हणाला, माझ्यासाठी? मी कधी म्हणालो? माझ्या गावचा, कामाचा उल्लेख कुठेही करू नका. इथेही लोक विचारायला येतात, हिंदुस्थानात कुणाशी बोलतोस. माझ्या मुलानं परवा मला मोबाईल बंद करायला लावला होता. "बच्चों का शीशा है, बुज़ुर्गो। बच्चों को दे दो।"

मला खूप राग आला. घाबरट म्हणालो त्याला, मोबाईल खाली ठेवल्यावर. मग दुसऱ्या दिवशी कडब्याच्या खोलीत बसलो असताना ध्यानात आलं की पाटीवर ओळ पाहिजे असं मी चारचौघांत सांगितलं, भांडलो, आरसा काढला, पण ज्याच्यासाठी ती ओळ होती त्याला विचारलंच नव्हतं. सावेडीवाल्यांनी पाटी लावताना मला विचारलं नव्हतं, तसंच. त्यांच्यात आणि माझ्यात एवढ्यापुरता फरक नव्हता, हे लिहिताना बोट जड होतं, पण लिहितो. म्हणून सावेडीवाले बरे ठरत नाहीत. ते आहेत तसेच आहेत.

आठ दिवस मी त्याला उत्तर दिलं नाही. मग प्लास्टिकच्या मोठ्या पाइपची नळी केली, ती फिरवायला सागाच्या फळ्यांची बैठक केली, आरसा बसवला आणि बैलगाडीत घालून शाळेत नेला.

बाई म्हणाल्या, "आता एक आहे की, तात्या."

"दुसरी ठेवा."

"पाटी?"

"नको."

त्यांनी माझ्याकडे निरखून पाहिलं. का नको ते विचारलं असतं तर मी परत घेऊन गेलो असतो.

अष्टमीचा चंद्र होता. शाळा सुटल्यावर दिवेलागणीच्या आत तो डोक्यावर अर्धा दिसतो, आणि अर्ध्या चंद्रावरच खड्डे चांगले दिसतात, पौर्णिमेला नाही. मंडळवाले पौर्णिमेला पोरांना बोलावतात, कारण त्यांना गाडी चालवायला उजेड लागतो. मैदानात दोन्ही दुर्बिणी शेजारी लावल्या. मी आधी त्यांच्या चिनी आरशातून बघितलं. वाईट म्हणायची माझी पूर्ण तयारी होती. चांगला होता. खड्ड्यांच्या कडा कापल्यासारख्या दिसत होत्या. तिकडेही कुणीतरी नीट घासणारा बसलेला असणार, त्याचं नाव तर कुणालाच ठाऊक नाही.

सातवीतली एक मुलगी दोन्हींतून बघून आली. चुणचुणीत, वाट्टेल ते बोलणारी. म्हणाली, "तात्या, ती पांढरी जास्त भारी दिसती."

पांढरी म्हणजे मंडळाची.

"डोळं पूस आन् परत बघ," मी म्हणालो.

तिनं खरंच ओढणीनं डोळे पुसले. आधी ह्यातून बघितलं, मग त्यातून, मग पुन्हा ह्यातून, बराच वेळ. मागची पोरं ओरडायला लागली. मी नळीला हात लावून उभा होतो आणि ती काय म्हणते याची वाट बघत होतो; सातवीतल्या पोरीची. जन्मात मी अशी कुणाची वाट बघितली नव्हती, फोरमनचीसुद्धा नाही.

"सारखंच दिसतंय," ती म्हणाली.

"नीट बघितलंस?"

"व्हय. दोन्हीत सारखं."

"मग सर बाजूला," मी म्हणालो. "आन् त्यांना सांग, दोन रांगा करा."